पैलू कुणी पाडले?

३० जानेवारी २००९ रोजी आयर्लंडमधल्या वॉटरफर्ड गावात क्रिस्टलच्या कारखान्याचे उत्पादन थांबल्याचे जाहीर झाले आणि कामगारांनी कारखान्याच्या अभ्यागत केंद्रात ठाण मांडले. मार्चपर्यंत ते तिथून हलले नाहीत. एके काळी तीन हजारांवर माणसे कामाला असलेला, सबंध गाव पोसणारा हा कारखाना. त्याचे दार बंद झाले, नाव मात्र विकले गेले आणि आजही ते जगभरच्या दुकानांत झळकते आहे.

हे बरे झाले की वाईट, यावरून माझा थोरला भाऊ आणि माझी मुलगी यांचे एकमत होत नाही. दादाने सगळी नोकरी काचेच्या बाटल्यांच्या भट्टीवर काढली, इंजिनियर म्हणून. लेकीने काचेच्या डिझाइनचे शिक्षण घेतले आहे. वयावरून कुणालाही वाटेल की जुन्या कारागिरीची बाजू दादा घेणार आणि नव्याची लेक. घडते उलटेच. दादा यंत्राच्या बाजूचा आहे आणि लेक हाताच्या. दोघांचे म्हणणे मी इथे मांडते आहे, आणि जिथे मला गप्प बसवले नाही तिथे मीही बोलले आहे.

दादा : काचेची भट्टी म्हणजे काय ते आधी समजून घे. ती दिवाळीला बंद करून भाऊबिजेनंतर पेटवता येत नाही. चौदाशे अंशांच्या आसपास ती रात्रंदिवस जळत असते. शंभर पेले काढा नाहीतर दहा हजार, इंधनाचं बिल फारसं बदलत नाही. लग्नात क्रिस्टलचे संच द्यायची पद्धत पश्चिमेत मागे पडली. लोकांना रोजच्या वापराचा, यंत्रात धुता येईल असा पेला हवा. मग मागणी घटल्यावर एवढी मोठी भट्टी कुणाच्या जिवावर चालवायची?

लेक : मामा, हिशेब नाकारतंय कोण? वॉटरफर्डची काच जन्मालाच हिशेबातून आली. १७८३ मध्ये जॉर्ज आणि विल्यम पेनरोज यांनी कारखाना काढला आणि इंग्लंडच्या स्टावरब्रिजहून जॉन हिल नावाचा जाणकार कारागिरांसह आणला. त्या काळी इंग्लंडमध्ये काचेवर वजनाप्रमाणे कर होता. आयर्लंडला १७८० पासून मोकळा व्यापार मिळाला होता आणि तिथे हा कर नव्हता. त्यामुळे आयरिश कारखान्यांना जाड, वजनदार काच परवडायची. आणि काच जाड असेल तरच तिच्यात खोल पैलू पाडता येतात.

दादा : म्हणजे ज्याला तुम्ही परंपरा म्हणता, ती त्या वेळची करसवलत होती.

लेक : हो. आणि १८२५ मध्ये तो कर आयर्लंडलाही लागू झाला तेव्हा कारखान्याला उतरती कळा लागली. १८५१ मध्ये, लंडनच्या प्रदर्शनात माल मांडला त्याच वर्षी, तो बंद पडला.

दादा : मग आज दुसरा हिशेब आहे, त्यातून दुसरं डिझाइन निघू दे. त्यात रडण्यासारखं काय आहे?

लेक : त्या हिशेबाने हाताला काम दिलं. आजचा हिशेब हाताचं काम काढून घेतो आणि हाताचं नाव मात्र ठेवतो. माझं भांडण तेवढ्याशीच आहे.

इथे मला थांबावेसे वाटते, कारण या कारखान्याच्या दुसऱ्या जन्माची गोष्ट पहिल्याहून मोलाची आहे. १८५१ नंतर ९६ वर्षे वॉटरफर्डमध्ये क्रिस्टलची भट्टी नव्हती. १९४७ मध्ये कारेल बाचिक हा चेक काचकारखानदार मायदेश सोडून तिथे आला आणि गावाबाहेर बॅलीट्रकल भागात त्याने छोटी सुरुवात केली. त्याच्या बोलावण्यावरून मिरोस्लाव हावेल हा तरुण चेक डिझायनर आला. थोड्या मुक्कामासाठी म्हणून आलेला हा माणूस आयर्लंडमध्येच राहिला. डब्लिनच्या राष्ट्रीय संग्रहालयातली जुनी वॉटरफर्ड काच त्याने बारकाईने पाहिली, तिचे काप उतरवून घेतले आणि त्यांतून नवे नमुने रचले. १९५२ मधला त्याचा ‘लिस्मोर’ नमुना आजही विकला जातो. ज्याला सारे जग अस्सल आयरिश म्हणून ओळखते, ते एका चेक माणसाने संग्रहालयात बसून पुन्हा उभे केले आहे.

दादा : बघ, तुझ्या आईने माझंच काम केलं. शंभर वर्षं एकही कारागीर नव्हता, तरी कला परत आलीच ना? संग्रहालयात नमुने होते, त्यावरून माणसाने ती उभी केली. आज तर प्रत्येक काप मोजून, चित्रित करून ठेवता येतो. नोंद नीट ठेवा. उद्या कुणाला गरज वाटली तर तो पुन्हा करील. त्यासाठी तोट्यातली भट्टी कशाला तेवत ठेवायची?

लेक : हावेलला संग्रहालयातली काच वाचता आली, ती त्याचं शिक्षण बोहेमियात, म्हणजे आजच्या चेकियाच्या पश्चिम भागात, झालं म्हणून. तिथली साखळी तुटलेली नव्हती. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला सम्राट रुडॉल्फच्या प्राग दरबारात कास्पार लेमानने काचेवर कोरीवकाम सुरू केलं, तेव्हापासून तिथे एका हातातून दुसऱ्या हातात विद्या जात राहिली. १८५६ पासून कामेनिट्स्की शेनोव्हमध्ये काचेची शाळा आहे. शिवाय एकटा हावेल काय करणार? फुंकणारे आणि पैलू पाडणारे वस्ताद युरोपातून आणले, त्यांनी आयरिश पोरांना शिकवलं, तेव्हा कुठे कारखाना उभा राहिला. वॉटरफर्डचा दिवा विझला होता तेव्हा दुसरीकडे दिवे पेटलेले होते. सगळेच विझले तर ज्योत कुठून आणशील?

दादा लगेच काही बोलला नाही. मलाही लेकीचा हा मुद्दा सगळ्यांत भक्कम वाटतो. संग्रहालयातला वाडगा काय केले ते सांगतो. ते करताना हाताने किती जोर लावला, कुठे थांबला, चूक होता होता कशी सावरली, हे तो सांगत नाही.

दादा : बरं, तो हात नेमकं काय करतो ते सांग. मी बाटल्यांच्या कारखान्यातला माणूस. माझ्याकडे कात्रीतून गोळा पडायचा, साच्यात हवा सुटायची, बाटली बाहेर. काही सेकंदांचा खेळ. तुझा वस्ताद काय वेगळं करतो?

लेक : नळीच्या टोकावर तो काचेचा पाक गुंडाळून घेतो. तेवढाच, जेवढा त्या पेल्याला लागेल, आणि तो नजरेने मोजतो. मग पाण्यात भिजवलेल्या लाकडी साच्यात फिरवतो. बीच नाहीतर पेअरचं लाकूड असतं. ओल्या लाकडाची वाफ होते आणि काच त्या वाफेच्या पातळ थरावर फिरते, म्हणून पृष्ठभाग लखलखीत निघतो. फुंकणं, फिरवणं आणि गार होऊ न देणं, तिन्ही एका वेळी. नंतर पेला हळूहळू थंड करायचा, नाहीतर आतला ताण राहतो आणि चाकाखाली तो फुटतो.

दादा : ते हळूहळू थंड करणं आम्हालाही चुकलं नाही. पैलूंचं सांग.

लेक : पेल्यावर फक्त आडव्या-उभ्या रेघा आखतात. पूर्ण नमुना काढत नाहीत, तो कारागिराच्या डोक्यात असतो. फिरत्या हिऱ्याच्या चाकावर तो पेला वरून दाबतो आणि काचेतूनच खालचा काप बघतो. हातफुंकीच्या पेल्याची भिंत सगळीकडे सारखी जाड नसते. एका जागी किंचित पातळ लागली की त्याचा दाब आपोआप हलका होतो. दाब चुकला तर चाक आरपार. पाच वर्षं उमेदवारी, आणि शेवटी एक वाडगा करायचा ज्यात शिकलेला प्रत्येक काप असतो. तो जमला की माणूस कारागीर झाला.

दादा : आता हे काम यंत्राचा हातही करतो. मी पाहिलंय.

लेक : करतो, आणि चांगलं करतो. पण त्याला प्रत्येक पेला सारखा लागतो. म्हणजे आधी फुंकणारा जातो आणि त्याच्या मागोमाग कापणारा. एकट्या कापणाऱ्याला वाचवता येत नाही.

दादा : मग माझंही ऐक. या हाताचं तू कौतुक करतेस, पण त्या हाताच्या मागे एक छाती असते. दगडी चाकांच्या काळात सिलिकाची धूळ फुप्फुसात जायची. शिसेयुक्त काच घासताना शिसं. आणि कापानंतर ती धुरकट दिसते, तिला चकाकी आणायला हायड्रोफ्लुओरिक आणि सल्फ्युरिक आम्लांच्या मिश्रणात बुडवतात. हायड्रोफ्लुओरिक अंगावर पडलं तर ते कातडीवर थांबत नाही, आत हाडापर्यंत जातं. भट्टीसमोरचा उकाडा तर वेगळाच. मी यंत्राची बाजू घेतो ती पैशासाठी नाही. माझ्या डोळ्यांसमोर माणसं खोकत निवृत्त झाली आहेत.

कारागिरीवर लिहिणारे बहुतेक लोक हे लिहीत नाहीत. मला वाटते, ज्याला हस्तकला टिकावी असे वाटते त्याने आधी दादाचे हे बोलणे ऐकले पाहिजे. हात टिकवायचा म्हणजे तो हात ज्याचा आहे त्याला टिकवायचे.

लेकीनेही ते झटकले नाही.

लेक : शिसं जायलाच हवं, मामा. काचेत शिसं घालण्याची रीत जॉर्ज रेव्हन्सक्रॉफ्टने सतराव्या शतकात लंडनमध्ये बसवली. शिशामुळे काच जास्त वेळ मऊ राहते, कापायला सोपी जाते आणि प्रकाश जास्त वाकवते. युरोपच्या १९६९ च्या नियमानुसार लेड क्रिस्टल म्हणवून घ्यायला किमान २४ टक्के लेड ऑक्साइड लागतं. आणि १९९१ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात आलेल्या अभ्यासाने दाखवलं की क्रिस्टलच्या सुरईत महिनोन्‌महिने ठेवलेल्या वाइनमध्ये शिसं उतरतं. पण शिशाशिवाय क्रिस्टल होत नाही असं थोडंच आहे? चेकियातल्या कार्लोवी व्हारीच्या मोझर कंपनीने १८५७ पासून नाव कमावलं ते बिनशिशाच्या काचेवर. ती काच कडक असते, लवकर घट्ट होते, तिला वेगळे काप लागतात. म्हणजे डिझाइन बदलावंच लागणार. मी कुठे म्हणते की १७८३ चा पेला तसाच करत राहा?

दादा : मग आपलं भांडण संपलं की.

लेक : नाही संपलं. नाव राहिलं ना.

वॉटरफर्डची कथा इथे कडवट होते. १९८६ मध्ये कंपनीने वेजवुड ही चिनीमातीची प्रसिद्ध कंपनी विकत घेतली. १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला ‘मार्क्विस’ ही स्वस्त मालिका आली, ती आयर्लंडबाहेर बनत होती. १९९७ मध्ये डब्लिनस्थित फॅशन डिझायनर जॉन रोशा यांनी साध्या, मोकळ्या रेषांचे नमुने दिले. ते तरुण गिऱ्हाइकांना भावले. तरीही जानेवारी २००९ मध्ये कंपनी कर्जात बुडाली. नाव अमेरिकी गुंतवणूकदारांकडे गेले, २०१५ मध्ये फिनलंडच्या फिस्कार्स कंपनीकडे. २०१० मध्ये गावात ‘हाउस ऑफ वॉटरफर्ड’ उघडले. तिथे पर्यटकांसमोर फुंकतात, पैलू पाडतात, करंडक आणि खास वस्तू घडवतात. बहुतांश माल मात्र स्लोव्हेनियासह मध्य युरोपातल्या कारखान्यांत तयार होऊ लागला.

दादा : स्लोव्हेनियातले कारागीर कारागीर नाहीत का? रोगाश्का स्लाटिनाला काच फुंकण्याची स्वतःची जुनी परंपरा आहे. आयरिश हाताला मान आणि स्लोव्हेनियन हाताला नाही, हा कुठला न्याय? तुमच्या हावेलने तरी काय केलं? एका देशाची विद्या दुसऱ्या देशात नेली.

लेक : तुझं शंभर टक्के खरं आहे. मग त्यांचं नाव मोठ्या अक्षरात लिहा. हावेलने विद्या नेली तेव्हा माणसं शिकली, गावात भट्ट्या पेटल्या. इथे प्रवास फक्त नावाने केला. एका गावचं नाव दुसऱ्या गावच्या कामावर चिकटवलं की दोन्ही गावांचं नुकसान होतं. इथला हात रिकामा आणि तिथला हात बिननावाचा.

या मुद्द्यावर मी पूर्णपणे लेकीच्या बाजूची आहे.

दादा : ठीक. पण तुझ्या धंद्यातल्या लोकांबद्दल बोल. डिझायनर आला की कारागिरी वाचते, असं तुम्ही सांगता. स्वीडनच्या ऑरेफॉर्शने १९१६-१७ मध्येच सिमॉन गाटे आणि एडवर्ड हाल्ड या चित्रकारांना नोकरीत घेतलं होतं, जगभर नाव झालं. २०१३ मध्ये ऑरेफॉर्श गावातला कारखाना बंद झालाच ना?

लेक : झाला. डिझाइन एकटं वाचवत नाही, हे मी मान्य करते. कसलं डिझाइन, हे बघायला हवं. जे डिझाइन यंत्राला सोपं जावं म्हणून काढलेलं असतं, ते कितीही सुंदर असलं तरी कारागिराला घरी पाठवतं. जे हाताला आजवर न केलेलं काम सांगतं, ते त्याला शिकवतं. स्तानिस्लाव लिबेन्स्की आणि यारोस्लावा ब्रिख्तोवा यांचं काम घे. हे चेक नवरा-बायको. तो चित्र काढायचा, ती मातीत घडवायची, आणि मग झेलेझ्नी ब्रोडमध्ये साच्यात काच वितळवून माणसापेक्षा मोठी शिल्पं ओतली जायची. इतक्या जाड काचेला तडा न जाऊ देता थंड करायला किती काळ लागतो, हे तुला माहीत आहे.

दादा : आठवडे. कधी महिने.

लेक : ही विद्या आधी कुणाकडे या प्रमाणात नव्हती, त्या शिल्पांमुळे ती तयार झाली. तिथल्या कम्युनिस्ट राजवटीत चित्रकारांवर पहारा होता, पण काचेला सजावटीची वस्तू समजून तिच्याकडे दुर्लक्ष झालं, म्हणून हे दोघं अमूर्त काम करू शकले. १९५८ च्या ब्रसेल्स प्रदर्शनात जगाने ते पाहिलं. आज चेकियातल्या नोव्ही बोरच्या आसपास लास्विटसारख्या कंपन्या हॉटेलांच्या दालनांत शेकडो हातफुंकीच्या तुकड्यांची प्रकाशशिल्पं टांगतात. लास्विट २००७ मध्ये निघाली, वॉटरफर्ड बुडण्याच्या जेमतेम दोन वर्षं आधी. तिला कारागीर कुठून मिळाले? तिथल्या शाळांतून आणि जुन्या भट्ट्यांतून. नोव्ही बोरमध्ये १९८२ पासून जगभरचे कलावंत दर काही वर्षांनी जमतात आणि तिथल्या वस्तादांबरोबर भट्टीवर काम करतात.

दादा : म्हणजे शाळा. शाळेचा खर्च सरकारचा.

लेक : हो. एकट्या कारखान्याच्या नफ्यावर पाच वर्षांची उमेदवारी चालत नाही. २०२३ मध्ये चेकिया, फिनलंड, फ्रान्स, जर्मनी, हंगेरी आणि स्पेन यांनी मिळून हातकाचेची विद्या युनेस्कोच्या यादीत नेली.

दादा : यादीत नाव आल्याने गॅसचं बिल भरलं जात नाही. आदल्याच वर्षी युरोपात गॅस किती महागला होता!

हे सगळे आपल्यापासून दूरचे वाटेल, पण तेवढे दूर ते कधीच नव्हते. आपल्या वाड्यांतल्या आणि देवळांतल्या हंड्या-झुंबरांतली कितीतरी काच युरोपातून आलेली होती. ग्वाल्हेरला जयाजीराव शिंद्यांनी १८७४ मध्ये जयविलास महाल बांधला. तिथल्या दरबार हॉलमधली टनावारी वजनाची झुंबरे छत पेलेल का हे पाहायला छतावर हत्ती चढवले, असे सांगतात. बोहेमियातल्या याब्लोनेट्सच्या परिसरात तर खास हिंदुस्थानसाठी काचेच्या बांगड्या बनत आणि मुंबई बंदरात उतरत. आपल्या आज्या-पणज्यांच्या मनगटांनी तिथल्या भट्ट्या पेटत्या ठेवल्या होत्या. पुढे फिरोजाबादने तो बाजार घेतला. स्वदेशीच्या काळात तळेगावला लोकवर्गणीच्या पैसा फंडातून काच कारखाना उभा राहिला आणि कराडजवळ ओगले बंधूंनी १९१६ मध्ये कारखाना काढला, तो प्रभाकर कंदिलाचा. गावाचे नावच ओगलेवाडी पडले.

दादा : आणि घराघरांत वीज आली तसा कंदील अडगळीत गेला. गरज संपली की वस्तू जाते. तिथे कुणाची चूक नव्हती.

लेक : कंदील गेला त्याचं दुःख नाही. चिमणी फुंकणारा फुलदाणी फुंकू शकतो, दिवा फुंकू शकतो. त्याला ते सांगणारं कुणी जवळ असावं लागतं. नोव्ही बोरला ते होतं. ओगलेवाडीच्या फुंकणाऱ्यांचे हात आज कुठे आहेत?

यावर दादाने वॉटरफर्डच्याच कामगारांची गोष्ट सांगितली. ती मी मुद्दाम शेवटासाठी ठेवली होती. वॉटरफर्डच्या कामगारांची नोकरी गेली तेव्हा त्यांचा निवृत्तिवेतन निधीही दिवाळखोरीत निघाला होता. तीस-चाळीस वर्षे वर्गणी भरलेल्या माणसांच्या हाती त्यातला थोडासा वाटा येणार होता. त्यांच्यापैकी काही जण सरकारविरुद्ध न्यायालयात गेले. २५ एप्रिल २०१३ रोजी युरोपीय न्यायालयाने निकाल दिला की मालक बुडाल्यावर कामगारांच्या निवृत्तिवेतनाचे रक्षण करण्यात आयर्लंड कमी पडले होते. पुढच्या वर्षी तडजोड झाली.

दादा : तुझी शाळा काढ, तुझं डिझाइन कर. पण पाच वर्षं उमेदवारी करायला सोळा-सतरा वर्षांचा पोरगा कशाच्या भरवशावर येईल? शेजारच्या काकांचं निवृत्तिवेतन बुडालेलं त्याने पाहिलेलं असतं. आधी तो भरवसा द्या. तो दिलात तर मी यंत्राची बाजू सोडतो.

लेक : मामा, हे मी माझ्या मुद्द्यात घेते.

दादा : घे. पण विसरू नकोस.

मी या दोघांमध्ये मधला मार्ग शोधत बसणार नाही. फुंकणारा आणि पैलू पाडणारा हात जिवंत राहिला पाहिजे, नुसती नोंद पुरत नाही. वॉटरफर्डचा पुनर्जन्मच त्याची साक्ष आहे. तो हात शिसे, धूळ आणि आम्ल यांपासून सुरक्षित हवा आणि म्हातारपणी उघड्यावर पडता कामा नये. डिझायनरने त्याला कठीण, नवे काम द्यावे आणि सरकारने शाळा चालवावी. एवढे झाल्यावर कंपन्यांना दोन ओळी लिहिणे जड जाऊ नये: वस्तू कोणत्या गावी घडली आणि ती हाताने कापली की साच्यात दाबली.

आपल्यापैकी अनेकजण लग्नात, निवृत्तीला, सत्काराला काचेची भारी वस्तू विकत घेतात. घेताना ती हातात फिरवून पाहा. साच्यात दाबलेल्या काचेवर बहुधा जोडाची बारीक रेघ सापडते आणि तिच्या नक्षीच्या कडा बोथट लागतात. चाकावर कापलेल्या पैलूची कड बोटाला स्पष्ट जाणवते. साच्यातली वस्तू घ्यायला काहीच हरकत नाही, फक्त तिला साच्याचाच भाव द्या. आणि दुकानदार हातकामाचे पैसे मागत असेल, तर ते काम कुठे आणि कुणी केले हे विचारल्याशिवाय पैसे देऊ नका.